लुईझ ब्रुक्सच्या मागावर : कॅन्सस ते रॉचेस्टर, नऊ दिवस

पहिला दिवस : विचिटा

विचिटात रेल्वे स्टेशन आहे, पण प्रवासी गाडी येत नाही. जवळची गाडी उत्तरेला न्यूटनला मिळते, तीही भल्या पहाटे. त्यामुळे विमानाने येणं सोयीचं. १९२२ साली मात्र इथून सरळ रेल्वेत बसता यायचं. त्या उन्हाळ्यात पंधरा वर्षांची लुईझ ब्रुक्स, पुढे मूकपटांची नटी झालेली, सोबतीला एक पोक्त बाई घेऊन न्यूयॉर्कला निघाली. तिथे रूथ सेंट डेनिस आणि टेड शॉन यांच्या डेनिशॉन नृत्यसंस्थेत तिला शिकायचं होतं. पुढच्या सात वर्षांत ती ब्रॉडवे, पॅरामाउंट आणि बर्लिन करून आली. मग तिचं सगळं विस्कटलं. पन्नाशीनंतर तिने हॉलीवूडबद्दल लिहायला घेतलं आणि मूकपटांच्या जमान्यावर इतकं नेमकं, इतकं बोचरं गद्य दुसऱ्या कुठल्याही नटीने लिहिलं नाही, असं आमचं ठाम मत आहे.

ब्रुक्स कुटुंबाचं घर नॉर्थ टोपेका रस्त्यावर होतं : चौदा खोल्यांचं, राखाडी, लाकडी. वडील लिओनार्ड वकील. त्यांच्या कायद्याच्या पुस्तकांच्या ओझ्याने घर एका बाजूला खचलं होतं, असं तिने लिहून ठेवलंय. आई मायरा उत्तम पियानो वाजवायची आणि मुलांच्या मागे फारशी धावायची नाही. मुलांनी त्या खचलेल्या घरातली पुस्तकं हाताला लागतील तशी वाचून काढली. या भागातून संध्याकाळी चालत जावं. जुनी लाकडी घरं, पुढे रुंद व्हरांडे, रस्त्यावर चिटपाखरू नाही. घरं खाजगी आहेत, फाटकाच्या आत पाऊल टाकू नये.

विचिटात खाण्याचं आश्चर्य म्हणजे लेबनीज हॉटेलं. शतकभरापूर्वी इथे लेबनीज व्यापारी आले आणि टिकले, त्यामुळे हुमुस आणि फलाफल उत्तम मिळतं. शाकाहारी माणसाने पोटभर जेवून घ्यावं, कारण उद्या पंचाईत आहे. एप्रिल ते जून चक्रीवादळांचा हंगाम असतो. सोमवारी दुपारी १२ ला भोंगे वाजले तर दचकू नका, ती चाचणी असते. इतर वेळी वाजले तर मुकाट्याने तळघरात जा.

दुसरा दिवस : चेरीव्हेल

विचिटापासून यूएस-४०० धरून आग्नेयेला साधारण दोन तास. टेकड्यांवर फक्त गवत, वारा आणि लांबच लांब कुंपणं. फ्रेडोनिया, नेओडेशा ही गावं मागे पडली की चेरीव्हेल. वस्ती दोन हजारांच्या आसपास. पेट्रोल आधीच भरून घ्यावं आणि रविवारी जाऊ नये, सगळं बंद असतं.

लुईझचा जन्म इथे १४ नोव्हेंबर १९०६ ला झाला. तीन वर्षांनी, १९०९ साली, याच गावात विव्हियन व्हान्स जन्मली, टीव्हीच्या जमान्यात घरोघरी पोचलेली विनोदी नटी. गावाची जुनी ख्याती मात्र वेगळीच आहे. १८७० च्या दशकात बेंडर नावाचं कुटुंब जवळच्या माळावर खाणावळ चालवायचं आणि उतारूंचे खून पाडायचं. स्थानिक माणसाला ‘इथलं काय पाहू?’ म्हणून विचारलं तर आधी बेंडरच येतात. ब्रुक्सचं नाव काढल्यावर पलीकडून हमखास विचारतात, “ती केसांची मुलगी?”

ते केस इथलेच. हॉलीवूडच्या कुठल्या केशभूषाकाराची ती करामत, असा समज आहे, पण वेण्या कापून बॉब करण्याचा निर्णय आईचा होता आणि तो लुईझ लहान असतानाच झाला. कपाळावर भुवयांच्या किंचित वर सरळ रेषेत झुलपं, कानांवरचे केस गालाकडे टोकदार वळवलेले, मानेवर मागून बारीक कापलेले. दहाव्या वर्षापासून ती आसपासच्या क्लबांत आणि जत्रांत पैसे घेऊन नाचत होती. तो काप तिथे शोभायचाही आणि नाचताना डोळ्यांवरही यायचा नाही.

चेरीव्हेलची दुसरी बाजूही सांगायला हवी. नऊ वर्षांची असताना शेजारच्या एका प्रौढ माणसाने तिच्यावर अत्याचार केला. आईला कळलं तेव्हा आईने दोष तिलाच दिला. ब्रुक्स हे बोलली ती कित्येक वर्षांनी. शेवटी शेवटी तिने ‘मी आत्मचरित्र का लिहिणार नाही’ यावरच एक लेख लिहिला. त्यातला मुद्दा असा : शरीरसंबंधांबद्दल खरं सांगितल्याशिवाय आत्मचरित्राला अर्थ नाही, आणि आपण कॅन्ससच्या. बायबल बेल्टचं, म्हणजे या कडक धार्मिक पट्ट्याचं, बक्कल काही आपल्याच्याने सुटत नाही. हा विनोद चेरीव्हेलच्या मुख्य रस्त्यावर उभं राहून वाचला की त्यातला विनोद बराच कमी होतो.

जेवायला बीरॉक मिळालं तर घ्यावं. जर्मन वसाहतकऱ्यांनी आणलेला हा बंद पाव, आत खिमा, कोबी आणि कांदा. कोबीमुळे लगेच ओलसर होतो, म्हणून गरम असतानाच खावा. शाकाहारी लोकांना पाय (गोड सारण भरून भाजलेला पदार्थ) आणि कॉफी. पाय चांगला असतो, कॉफी म्हणजे तपकिरी पाणी.

तिसरा दिवस : लॉस एंजेलिस

मेलरोझ अव्हेन्यूवरचा पॅरामाउंट स्टुडिओ गाडीतून फिरवून दाखवतात. साधारण दोन तास लागतात, आधी नोंदणी लागते. गाइडचं लक्ष अलीकडच्या मालिकांवर असतं. मूकपटांचं काही पाहायचं असेल तर स्वतःहून विचारावं लागतं. ब्रुक्स १९२७ च्या सुरुवातीला इथे आली, तेव्हा ती दिग्दर्शक एडी सदरलंडची बायको होती. वर्षभरात लग्न मोडलं, आणि स्टुडिओशी असलेलं नातं १९२८ मध्ये.

ते कसं मोडलं हे समजून घेण्यासारखं आहे. बोलपट आले तेव्हा स्टुडिओच्या हाती एक नवंच हत्यार आलं. मूकपटांतल्या नटांचा आवाज चालेल की नाही कोण जाणे, असं म्हणून त्यांची ठरलेली पगारवाढ रोखता येत होती. स्टुडिओप्रमुख बी. पी. शुलबर्गने ब्रुक्सला सांगितलं, आहे त्या पगारावर राहा नाहीतर जा. ती गेली. बर्लिनमध्ये दिग्दर्शक जी. डब्ल्यू. पाब्स्ट आपल्या ‘पँडोराज बॉक्स’ या चित्रपटातल्या लुलू या नायिकेसाठी तिलाच मागत होता, ही बातमीही त्याच भेटीत तिला कळली. इकडे ‘द कॅनरी मर्डर केस’ मूक म्हणून चित्रित झाला होता, त्याचा बोलपट करायचं ठरलं. परत यायला तिने नकार दिला. मग मार्गारेट लिव्हिंगस्टन या नटीकडून तिचे संवाद भरून घेतले आणि ब्रुक्सचा आवाज पडद्याला चालत नाही अशी आवई उठली. चित्रपट पाहाल तर लक्ष ठेवा : ओठ आणि शब्द जुळत नाहीत, आणि मध्येच पाठमोरी किंवा चेहरा झाकलेली बाई दिसते. ती ब्रुक्स नव्हे.

दुपारी सांता मोनिकाला जावं. वृत्तपत्रसम्राट विल्यम रँडॉल्फ हर्स्टने आपली मैत्रीण, नटी मॅरियन डेव्हिस हिच्यासाठी समुद्रकाठी शंभराहून अधिक खोल्यांचा वाडा बांधला होता. तो १९५० च्या दशकात पाडला. आता अॅनेनबर्ग बीच हाउस या नावाने सार्वजनिक जागा आहे, आणि जूलिया मॉर्गनने आखलेलं पाहुणेघर आणि फरशीचा पोहण्याचा तलाव मूळचा टिकून आहे. पाहुणेघर फुकट दाखवतात, दिवस आधी तपासा. वाहनतळ महाग आहे, बसने आलेलं बरं.

इथे यायचं ते पेपी लेडररसाठी. पेपी ही मॅरियनची भाची, ब्रुक्सची मैत्रीण, हुशार, खवचट आणि दुसऱ्याच्या पैशावर जगणारी. सॅन सिमिऑनच्या हर्स्टच्या किल्ल्यात लांबलचक टेबलाच्या पार टोकाला तिचं टोळकं बसायचं. ‘धाकटी बिघडलेली मंडळी’ असं त्या टोळक्याला म्हणत. १९३५ साली घरच्यांनी पेपीला इस्पितळात भरती केलं आणि तिने खिडकीतून उडी घेतली. ब्रुक्सने तिच्यावर लिहिलेला लेख हा माझ्या मते तिचा सर्वांत चांगला लेख. स्वतःबद्दल जे लिहिता आलं नाही ते तिने पेपीच्या नावावर लिहिलं असावं.

चौथा दिवस : हाकुम्बा

हे गाव कुठल्याही हॉलीवूड सहलीत नसतं. लॉस एंजेलिसहून तीन तास, सान दिएगोपासून पूर्वेला साधारण ११० किलोमीटर, मेक्सिकोच्या सीमेला चिकटून. नाव लिहिताना ‘ज’ आहे, उच्चार ‘हाकुम्बा’. गरम पाण्याचे झरे, एक मोठा रस्ता, पाठीमागे सरकारी कुंपण, आणि वारा असा की गाडीचं दार हातातून निसटतं.

१९२८ मध्ये दिग्दर्शक विल्यम वेलमनने ब्रुक्सला घेऊन ‘बेगर्स ऑफ लाइफ’ इथे चित्रित केला. दत्तक बापाचा खून करून पळालेली मुलगी पोराच्या कपड्यांत, डोक्यावर टोपी घालून मालगाड्यांतून भटकते, अशी गोष्ट. रेल्वे इथे हवी तशी होती. सान दिएगो अँड अॅरिझोना ही लाइन १९१९ मध्ये पुरी झाली. कॅरिझो दरीतले तिचे ११ मैल म्हणजे कड्याला खरवडून काढलेला रुळांचा पट्टा, बोगद्यामागून बोगदे. कथानकासाठी उलथवायला खरी गाडी आणि खरी दरी, दोन्ही एका ठिकाणी.

वेलमनने ब्रुक्सला धावत्या वाघिणीवर स्वतः चढायला लावलं. वाचताना हे धाडसाचं वाटतं, पण धोका नेमका कुठे असतो हे माहीत असेल तर अंगावर काटा येतो. मालगाडीच्या वाघिणीला दोन्ही टोकांना शिड्या असतात. भटके नेहमी पुढच्या टोकाची शिडी धरतात. गाडीच्या वेगाने माणूस मागे फेकला जातो. पुढची शिडी धरली असेल तर तो वाघिणीच्या लांब बाजूवर आदळतो, खरचटतो, पण वाचतो. मागची धरली आणि हात सुटला, तर शरीर दोन वाघिणींच्या मधल्या फटीत जातं, आणि खाली चाकं असतात. हात आधी, पाय नंतर, आणि गाडीच्या दिशेनेच पळत. एवढं चुकलं की संपलं. ब्रुक्स नाचणारी होती, पाय कुठे टाकायचा हे तिला कळत होतं. बाकी सगळं वेलमनच्या नशिबावर.

या चित्रीकरणावर तिने चाळीसेक वर्षांनी लिहिलं. त्यात उन्हाचं, माणसांचं, पुरुषांच्या घोळक्यात एकटं पडण्याचं वर्णन आहे, कौतुक कुणाचंच नाही, स्वतःचंही नाही.

रूळ आजही दिसतात, पण त्यावरून चालणं बेकायदा आहे. काही बोगदे ढासळलेत. रेल्वेची हौस असेल तर पश्चिमेला कॅम्पो गावात रेल्वे संग्रहालय आहे, शनिवार-रविवारी जुन्या डब्यांतून थोडी फेरी मारून आणतात. भारतीय पासपोर्टवर फिरणाऱ्यांनी मूळ पासपोर्ट जवळ ठेवावा. परतीच्या आय-८ रस्त्यावर सीमा पोलिसांचं नाकं लागतं. शिवाय फोन आपोआप मेक्सिकोच्या टॉवरवर उडी मारतो आणि रोमिंगचं बिल येतं. नेटवर्कची आपोआप निवड आधीच बंद करावी. उन्हाळ्यात माणशी चार लिटर पाणी गाडीत हवंच.

पाचवा दिवस विमानात गेला.

सहावा दिवस : न्यूयॉर्क

बेचाळिसाव्या रस्त्यावरच्या न्यू अॅम्स्टरडॅम थिएटरात १९२५ मध्ये ब्रुक्स झीगफेल्ड फॉलीज या नाचगाण्यांच्या खेळात नाचत होती. आत जायला तिथल्या चालू नाटकाचं तिकीट काढावं लागतं. वरच्या मजल्यावरचं स्वस्त तिकीट घ्या, छत आणि कोरीवकाम तिथूनच नीट दिसतं. चव्वेचाळिसाव्या रस्त्यावर अल्गोनक्विन हॉटेल, जिथून तिला गोडीत निघायला सांगितलं होतं. मुलगी अगदीच लहान आणि घरी यायची वेळ अगदीच उशिराची. पुढे ज्या बायकांच्या हॉटेलात गेली तिथूनही हकालपट्टी. हे प्रसंग तिने इतक्या हसत सांगितलेत की हकालपट्टी हा तिच्या आयुष्याचा ताल होता हे उशिरा ध्यानात येतं. डेनिशॉनमधूनही १९२४ मध्ये तिला सगळ्यांसमोर काढलं. पुढच्याच वर्षी ती मंडळी आशियाच्या दौऱ्यावर निघाली आणि हिंदुस्थानातही नाचली. काढली नसती तर तीही आली असती.

टाइम्स स्क्वेअरहून ‘आर’ या भुयारी गाडीने स्टाइनवे स्ट्रीटला उतरा. तिथे अॅस्टोरियाचा जुना स्टुडिओ आहे, १९२० चा. पॅरामाउंट तेव्हा इथेही चित्रपट काढायचं. ब्रुक्सचे सुरुवातीचे चित्रपट इथलेच, आणि तिला हॉलीवूडपेक्षा हेच आवडायचं : दिवसा काम, रात्री नाटकं आणि पुस्तकवाली माणसं. आता त्याच आवारात म्युझियम ऑफ द मूव्हिंग इमेज आहे. आठवड्याचे सगळे दिवस उघडं नसतं, तपासून जा. बाहेर पडलात की त्याच आर गाडीने पुढे रूझवेल्ट अव्हेन्यू. जॅक्सन हाइट्सला डोसा, मिसळणाचा डबा, चहाची भुकटी, जे हवं ते मिळतं.

फिफ्थ अव्हेन्यूवरचं सॅक्स हे दुकान बाहेरून पाहिलं तरी पुरे. १९४६ च्या सुमाराला ब्रुक्स इथे काउंटरवर विक्रेती होती. पगार आठवड्याला ४० डॉलर.

सातवा दिवस : हडसनच्या काठाने

न्यूयॉर्क ते रॉचेस्टर अॅमट्रॅक रेल्वेने सुमारे सात तास. डाव्या बाजूला बसा, ऑल्बनीपर्यंत हडसन नदी खिडकीला लागून असते. ऑल्बनीला इंजिन बदलतात, दिवे विझतात आणि पंखा थांबतो. बिघाड नव्हे. गाडीतलं खाणं यथातथाच, दशम्या न्याव्यात.

आठवा दिवस : रॉचेस्टर

ईस्ट अव्हेन्यूवर कोडॅकवाल्या जॉर्ज ईस्टमनचं घर आणि त्याला जोडून संग्रहालय. सोमवारी बंद. बागेकडच्या दालनात भिंतीवर हत्तीचं मुंडकं आहे, नकली. मुख्य गोष्ट मात्र चित्रपटसंग्रह. इथला क्यूरेटर जेम्स कार्ड याने १९५० च्या दशकात ब्रुक्सला न्यूयॉर्कच्या एका लहानशा खोलीत शोधून काढलं. १९५६ मध्ये ती रॉचेस्टरला राहायला आली आणि शेवटपर्यंत इथेच राहिली. नॉर्थ गुडमन रस्त्यावरचं तिचं घर इथून पायी पंधरा-एक मिनिटांवर.

इथे तिने स्वतःचे चित्रपट पाहिले, त्यांतले बरेचसे पहिल्यांदाच. इतरांचेही पाहिले, टिपणं काढली, आणि मग लिहिलं. म्हणूनच तिच्या लेखांत गार्बो, गिश, बोगार्ट, फील्ड्स या नटनट्यांबद्दल उगाच गोड आठवणी नाहीत. फील्ड्सची विनोदी हालचाल कॅमेऱ्याने कुठे कापली, गिशचा पगार आणि स्टुडिओचं राजकारण कसं जोडलेलं होतं, हे ती हिशोबनीसासारखं मांडते. नुसत्या आठवणीवर हे जमत नाही. समोर रीळ लागतं.

आणि रीळ फार नाजूक. त्या काळची नायट्रेट फिल्म एकदा पेटली की विझत नाही, कारण जळताना लागणारा प्राणवायू ती स्वतःच सोडते. पाण्याखालीही जळते. कुजतानाचा क्रम ठरलेला : आधी चित्र पिवळट होऊन विरतं, मग वेटोळी एकमेकांना चिकटतात, मग मधासारखे बुडबुडे येतात, मग घट्ट गठ्ठा, आणि शेवटी तपकिरी भुकटी. थंड आणि कोरडी जागा, साधारण ४ अंश सेल्सियस आणि ३० टक्के आर्द्रता, एवढाच उपाय. तोही उशीर करतो, थांबवत नाही. १९७८ मध्ये या संग्रहालयाच्या रिळांना आग लागली आणि ३२९ चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह गेल्या. पुण्यात २००३ मध्ये आपलीही नायट्रेट रिळं अशीच गेली, प्रभातची त्यांत होती.

ड्रायडन थिएटरात नायट्रेट दाखवायची परवानगी आहे. अमेरिकेत अशी थिएटरं बोटांवर मोजण्याइतकी. प्रोजेक्शनच्या खोलीला लोखंडी झडपा असतात. आग लागलीच तर वितळणारी कडी तुटून झडपा आपोआप पडतात. मूकपट पाहताना वेगाकडे लक्ष द्यावं. ३५ मिलिमीटरच्या एका फुटात १६ चौकटी. हजार फुटांचं रीळ सेकंदाला १६ चौकटींनी जवळपास १७ मिनिटं चालतं, २४ ने ११ मिनिटं. चुकीच्या वेगाने चालवलं की माणसं बाहुल्यांसारखी उड्या मारतात आणि लोक मूकपटांना हसतात. ‘पँडोराज बॉक्स’ (१९२९) नीट वेगाने पाहिला तर ब्रुक्स काहीच करत नाही असं वाटतं. आणि नजर मात्र तिच्यावरून हटत नाही. बर्लिनच्या समीक्षकांनाही तेव्हा वाटलं होतं की हिला अभिनय येत नाही.

दरवर्षी वसंताच्या शेवटी इथे नायट्रेट महोत्सव भरतो. कार्यक्रमपत्रिका उद्घाटनाच्या दिवशीपर्यंत गुप्त असते, तरी तिकिटं लवकर संपतात. ‘बेगर्स ऑफ लाइफ’ची टिकलेली प्रतही याच संग्रहालयाने जपली. ब्रुक्सच्या रोजनिशा मरणानंतर २५ वर्षं मोहोरबंद ठेवायच्या होत्या, २०१० मध्ये उघडल्या. पाहायच्या असतील तर अभ्यासाचं कारण देऊन आधी वेळ घ्यावी लागते, नुसतं दारात जाऊन चालत नाही.

तिने एक आत्मचरित्र आधी लिहिलंही होतं. हस्तलिखित इन्सिनरेटरमध्ये टाकलं. उरले ते सुटे लेख. नाट्यसमीक्षक केनेथ टायनन तिला भेटून गेला, १९७९ मध्ये ‘न्यूयॉर्कर’मध्ये त्याचा दीर्घ लेख आला, आणि १९८२ मध्ये सात लेखांचं ‘लुलू इन हॉलीवूड’ निघालं. तेव्हा ती ७५ वर्षांची, संधिवाताने आणि दम्यासारख्या फुप्फुसविकाराने खाटेला खिळलेली. पुस्तक घ्यायचं तर मिनेसोटा विद्यापीठाची वाढवलेली आवृत्ती घ्या. आत्मचरित्र न लिहिण्याबद्दलचा लेख आणि टायननचा लेख दोन्ही त्यात आहेत.

रात्री रॉचेस्टरची ख्याती असलेली ‘गार्बेज प्लेट’. तळलेले बटाटे, थंड मॅकरोनी सॅलड, वर दोन हॉटडॉग किंवा बर्गर, वर मसालेदार खिम्याचा रस्सा, मोहरी, चिरलेला कांदा. दिसायला नावासारखंच. शाकाहारी मागितलं तर व्हेज पॅटी घालून रस्सा वगळतात. एक ताट दोघांत घ्यावं.

नववा दिवस : लेक अव्हेन्यू

शेवटचा दिवस एकाच रस्त्यावर. लेक अव्हेन्यू उत्तरेला ओंटारिओ सरोवरापर्यंत जातो. वाटेत कोडॅकचा जुना कारखाना लागतो. सगळ्या जगाला फिल्म इथून जायची, आणि ईस्टमनची रक्षाही याच आवारात पुरली आहे. थोडं पुढे होली सेपल्कर दफनभूमी. ८ ऑगस्ट १९८५ ला ब्रुक्स गेली, ती इथे आहे. दगड लहान आणि साधा, आवार प्रचंड. कचेरीत नाव सांगून विभाग आणि ओळ विचारून घ्या, नाहीतर तास जातो. हिवाळ्यात इथे सरोवरावरून येणारा बर्फ भरपूर पडतो, लहान दगड पुरते झाकले जातात. मे ते ऑक्टोबर हाच काळ. मे मध्ये हायलँड पार्कात लायलॅक फुललेले असतात, तेही होईल.

दगडापाशी कुणीतरी पेन ठेवून गेलं होतं. साधंच, निळं, टोपण नसलेलं.

रस्ता संपतो तिथे शार्लटचा किनारा आणि अॅबट्सचं फ्रोझन कस्टर्ड. अंड्याचा बलक घातलेलं, आइस्क्रीमपेक्षा दाट. अंडं चालत नसेल तर सरोवर पाहा, तेही पुष्कळ आहे.